चेंडू येण्याआधीचा पिरेस पाहा

डाव्या बाजूने खेळणाऱ्या आणि उजव्या पायाने मारणाऱ्या प्रत्येक मुला-मुलीला मी एकच नाव सांगते: फ्रान्सचा जुना फुटबॉलपटू रॉबर्ट पिरेस. मग ती मुलं घरी जाऊन मोबाइलवर त्याच्या गोलांचा पाच-सात मिनिटांचा व्हिडिओ बघतात आणि दुसऱ्या दिवशी मैदानावर येऊन गोलच्या लांबच्या पोस्टकडे (खांबाकडे) वळणारे फटके मारायला लागतात. बहुतेक सगळे बाहेर जातात. यात मुलांचा काही दोष नाही. त्या व्हिडिओत दिसतो तो पिरेसच्या कामाचा शेवटचा सेकंद. चेंडू त्याच्या पायाशी आला की व्हिडिओ सुरू होतो, आणि त्याचं निम्म्याहून जास्त काम तोवर आटोपलेलं असतं.

त्याची कारकीर्द कोणत्या क्रमाने पाहायची, कोणत्या सामन्यात डोळा कुठे ठेवायचा आणि पाहिलेलं मैदानावर कसं उतरवायचं, हे मी माझ्या मुलांना सांगते तसंच इथे लिहिते आहे. मी सावंतवाडीत शाळेच्या मैदानावर बारा ते सोळा वयाच्या मुलामुलींना संध्याकाळी शिकवते. खुणेसाठी ठेवायचे चार शंकू (कोन), दोन रंगांचे बिब (संघ ओळखायला घालायची बंडी) आणि थोडी मोकळी जागा असली की यातलं सगळं करता येतं.

आधी माणूस ओळखून घ्या

पिरेसचा जन्म २९ ऑक्टोबर १९७३ चा, फ्रान्समधल्या रॅंस शहरातला. वडील पोर्तुगीज, आई स्पॅनिश. शरीर सडपातळ. चालताना पावलं बाहेरच्या बाजूला वळलेली, त्यामुळे धावतानाही तो जरा ऐसपैस, निवांत वाटायचा. पाय उजवा, पण मोठा काळ खेळला डाव्या बाजूला. त्याचे पुढचे आर्सेनलमधले सहकारी थिएरी हेन्रीसारखा वेग त्याच्याकडे नव्हता, पॅट्रिक व्हिएरासारखी ताकद नव्हती आणि टॅकल करण्यासाठी त्याला कुणी संघात घेतलं नसतं. हे मी मुद्दाम आधी सांगते. माझ्याकडे येणारी किती तरी मुलं अंगाने बारीक असतात आणि कुणी तरी त्यांना आधीच सांगून ठेवलेलं असतं की तुझं फुटबॉलमध्ये काही खरं नाही. अशा मुलांनी अभ्यासायचा हा खेळाडू आहे.

सुरुवातीची वर्षं भराभर पुढे न्या. मेत्झ क्लबकडून तो १९९३ मध्ये पहिला लीग सामना खेळला. १९९६ मध्ये त्यांनी फ्रेंच लीग कप जिंकला. १९९७-९८ च्या मोसमात मेत्झ आणि लाँस यांचे गुण सारखे झाले आणि गोलफरकावर विजेतेपद लाँसकडे गेलं. त्या मोसमाच्या जोरावर पिरेस १९९८ च्या विश्वचषक संघात होता. अंतिम सामना त्याने बेंचवरून पाहिला, पण त्याआधी पॅराग्वेविरुद्ध झिदान निलंबित असताना तो बदली म्हणून उतरला होता, आणि जादा वेळेत त्याच्याच क्रॉसवर (बाजूने गोलसमोर टाकलेल्या चेंडूवर) त्रेझेगेने डोक्याने खाली दिलेला चेंडू लोराँ ब्लाँने जाळ्यात घातला. विश्वचषकाच्या इतिहासातला तो पहिला गोल्डन गोल, म्हणजे जादा वेळेत झाला की सामना तिथेच संपवणारा गोल. पुढची दोन वर्षं मार्सेयमध्ये गेली. १९९९ च्या यूएफा कप फायनलपर्यंत संघ पोहोचला, पार्माकडून ०-३ ने हरला. नंतरचा मोसम घसरगुंडीचा, प्रेक्षक संतापलेले, आणि पिरेस कर्णधार. या काळातल्या पूर्ण सामन्यांमागे लागू नका. तुमचा वेळ पुढे लागणार आहे.

कसं पाहायचं

पूर्ण सामना मिळवा. निदान सलग अर्धा तास तरी. तुकडे नकोत. आवाज बंद करा, कारण समालोचक चेंडूमागे धावतो आणि तुमचे डोळे त्याच्या मागे जातात. मोबाइलवर पिरेस मुंगीएवढा दिसतो, म्हणून शक्य असेल तर टीव्हीवर लावा.

पहिल्यांदा पाहताना चेंडूकडे लक्षच द्यायचं नाही. कॅमेऱ्यात पिरेस आहे तोवर फक्त पिरेस. चेंडू उजव्या बाजूला असताना तो काय करतो? टचलाइनला, म्हणजे मैदानाच्या बाजूच्या रेषेला, चिकटून उभा आहे की आत सरकला आहे? त्याला धरून असलेला राइट-बॅक (समोरच्या संघाचा उजवीकडचा बचावपटू) कुठे बघतो आहे? पास निघायच्या आधी पिरेसने मान वळवली का, आणि किती वेळा? चेंडू आल्यावर पहिला टच कोणत्या पायाने आणि कुठल्या दिशेला? वही घ्या आणि चेंडू त्याच्याकडे आला की एवढंच टिपा: कुठे उभा होता, कुठे बघितलं, कोणता पाय. गोल झाला की नाही हे लिहायचं नाही. मुलं पहिल्या दहा मिनिटांत कंटाळतात. पंधराव्या मिनिटाला कुणी तरी हमखास ओरडतं, "ताई, तो पास यायच्या आधीच वळून उभा आहे!" त्यानंतर मला फार बोलावं लागत नाही.

पहिला धडा: बाहेरून जाणं

सुरुवात २ जुलै २००० च्या सामन्यापासून करा. रॉटरडॅममध्ये युरो २००० ची फायनल, फ्रान्स विरुद्ध इटली. पूर्ण सामना नाही पाहिलात तरी चालेल, ८६ व्या मिनिटापासून बघा. इटली १-० ने पुढे आहे आणि फ्रान्सचा प्रशिक्षक रोजे लमेर लेफ्ट-बॅक लिझाराझूला काढून पिरेसला आत पाठवतो. भरपाई वेळेत विल्तोर बरोबरी करतो आणि १०३ व्या मिनिटाला पिरेस डावीकडून बचाव मागे टाकत आत शिरतो, चेंडू मागे काढतो आणि त्रेझेगे डाव्या पायाने थेट उडवून देतो. सामना तिथेच संपला.

हा तुकडा तीनदा पाहा. पहिल्यांदा पिरेसकडे, दुसऱ्यांदा इटलीच्या बचावपटूंकडे, तिसऱ्यांदा त्रेझेगेकडे. उजव्या पायाचा खेळाडू डावीकडे असला की बचाव करणाऱ्याला वाटतं हा आतच येणार. तो आतली बाजू झाकतो आणि बाहेरचा रस्ता मोकळा पडतो. मुलांना मी हेच घोकून घ्यायला लावते: आत यायची भीती दाखवता आली तरच बाहेर जागा मिळते, आणि बाहेर जायची तयारी असेल तरच आत. नुसतं आत येणारा मुलगा दोन सामन्यांत ओळखला जातो.

मागे काढलेल्या पासचं अजून एक महत्त्व आहे, ते अर्ध्या मुलांना ठाऊक नसतं. पास घेणारा चेंडूच्या मागे असेल तर तो ऑफसाइड नसतो. तुम्ही गोललाइनपर्यंत पोहोचलात की तुमच्या मागे असलेले सगळे सहकारी मोकळे. बचावपटूंची तोंडं त्या वेळी स्वतःच्या गोलकडे असतात आणि मागून येणारा त्यांना दिसत नाही. म्हणून डीच्या (गोलसमोरच्या पेनल्टी-चौकटीच्या) कडेवरून आंधळा उंच क्रॉस टाकण्याआधी आणखी चार पावलं आत जाता येतं का, हे बघा.

दुसरा धडा: बेंचवर बसणं

त्याच उन्हाळ्यात लंडनच्या आर्सेनल क्लबने मार्क ओव्हरमार्सच्या जागी पिरेसला घेतलं. सात नंबरचा शर्ट मिळाला. ऑगस्ट २००० मध्ये मोसमाचा पहिला सामना संडरलंडच्या मैदानावर होता आणि प्रशिक्षक आर्सेन वेंगरने त्याला बेंचवर बसवलं. नुकताच युरो जिंकून आलेला खेळाडू! इंग्लंडमध्ये फुटबॉल कसा खेळतात ते आधी बघून घे, असा त्यामागचा हेतू होता आणि पिरेसने पुढे हा प्रसंग अनेकदा सांगितला आहे. त्या दिवशी आर्सेनल १-० ने हरलं आणि व्हिएराला लाल कार्ड मिळालं. पिरेसला जे बघायचं होतं ते सगळं एका दुपारी बघून झालं.

त्याला रुळायला काही महिने लागले. धक्के बसले की तो पडायचा, चेंडू जायचा. पालकांनी हा भाग जरूर वाचावा, कारण मुलगा एक सामना बेंचवर बसला की दुसऱ्या दिवशी मला फोन येतो.

बेंचवर बसलेल्या मुलाला मी काम देते. तू ज्या जागी खेळतोस त्या जागेवरच्या समोरच्या संघातल्या डिफेंडरकडे बघ. तो कोणत्या पायाने चेंडू काढतो? पुढे गेला की परत यायला वेळ लावतो का? कुणी पाठीमागून धावलं तर त्याच्या लक्षात येतं का? उतरायची वेळ आली की हे तिन्ही मला सांगायचं आणि मग आत जायचं. जे सांगता येत नाही ते बघितलेलं नसतं, आणि मी त्या मुलाला अजून दोन मिनिटं बसवते.

तिसरा धडा, आणि सगळ्यात मोठा: तिघांचं गणित

आता २००१ ते २००५ मधला आर्सेनल. वेळ इथे घालवा. २००२-०३, २००३-०४ आणि २००४-०५ या तीन मोसमांत पिरेसने लीगमध्ये प्रत्येकी १४ गोल केले. मिडफिल्डरने सलग तीन वर्षं असे गोल करणं ही किती मोठी गोष्ट आहे, हे एखाद्या स्ट्रायकरला विचारा. मधल्या मोसमात संघ ३८ सामन्यांत एकदाही हरला नाही: २६ विजय, १२ बरोबऱ्या. सगळी अपराजित मालिका ४९ सामन्यांची, आणि तिचा पहिला सामना मे २००३ मधला साउदॅम्प्टनविरुद्धचा ६-१. त्यात पिरेसची हॅटट्रिक होती.

हे गोल यायचे कुठून, तर डाव्या बाजूच्या तिघांतून. मागून लेफ्ट-बॅक ॲशली कोल, मधे पिरेस आणि स्ट्रायकर असूनही सतत डावीकडे सरकणारा हेन्री. हायबरीवरचा, म्हणजे आर्सेनलच्या तेव्हाच्या मैदानावरचा, कोणताही सामना घ्या आणि समोरच्या संघाच्या राइट-बॅकच्या जागी स्वतःला उभं करा. पिरेस आत सरकला. तुम्ही त्याच्यामागे गेलात तर तुमच्या पाठीमागून कोल मोकळा धावत येतो. जागेवर थांबलात तर पिरेसला तुमच्या मिडफिल्डच्या मागे, बचावाच्या पुढे चेंडू मिळतो आणि त्याचं तोंड गोलकडे असतं. तुमचा सेंटर-बॅक (मधला बचावपटू) मदतीला यावा, तर हेन्रीने त्याला आधीच बाजूला ओढलेलं असतं आणि मधोमध जी खिंड पडते तिच्यात पिरेस धावतो. काहीही केलं तरी कुणी तरी सुटतं.

एप्रिल २००४ मधले दोन सामने यासाठी उत्तम. ९ एप्रिलला लिव्हरपूलविरुद्ध मध्यंतराला आर्सेनल १-२ ने मागे होतं. आदल्या काही दिवसांत संघ एफए कप आणि चॅम्पियन्स लीग या दोन्ही स्पर्धांतून बाहेर पडला होता आणि लीगही हातची जाते की काय, अशी अवस्था होती. दुसऱ्या डावात बरोबरीचा गोल पिरेसचा. पास युंगबर्गचा, म्हणजे चेंडू दुसऱ्या कुणाच्या तरी पायाशी होता आणि डावीकडचा हा माणूस डीमध्ये स्ट्रायकरच्या जागी हजर होता. लगेच हेन्रीचा तो प्रसिद्ध एकट्याने केलेला गोल आला. आर्सेनल ४-२ ने जिंकलं. लोक हेन्रीचा गोल लक्षात ठेवतात. मी मुलांना आधीचा गोल मागे नेऊन दाखवते आणि विचारते, पिरेसने धावायला सुरुवात केव्हा केली?

२५ एप्रिलला टॉटनहॅमच्या मैदानावर २-२ झाली आणि लीग आर्सेनलची झाली. तिथला दुसरा गोल बघा. व्हिएरा डीमध्ये शिरतो, चेंडू मागे काढतो, पिरेस उजव्या पायाने शांतपणे आत सरकवतो. रॉटरडॅममध्ये जो पास त्याने दिला तोच इथे त्याने घेतला. दोन्ही तुकडे लागोपाठ लावा.

मैदानावर हे असं करायचं. डावीकडच्या टचलाइनपासून आत साधारण पंचवीस पावलं आणि गोललाइनपासून मागे तीस पावलं असा चौकोन आखा. तीन आक्रमक, दोन बचावपटू. पास बाहेरून मी देते. पहिली दहा मिनिटं एकच नियम: पास निघायच्या आधी तिघांपैकी किमान दोघांनी जागा बदललेली असली पाहिजे. उभ्या-उभ्या पास घेतला की चेंडू बचावपटूंचा. सुरुवातीला सगळे एकाच दिशेला पळतात आणि एकमेकांवर आदळतात. ओरडू नका, चालू द्या. थोड्या दिवसांनी त्यांना आपोआप कळतं की एक आत गेला तर दुसऱ्याने बाहेर जायचं. तेव्हा तिसरा बचावपटू वाढवा.

फटका

आता मुलांना आवडणारा भाग. पिरेसचे बरेच गोल उजव्या पायाच्या आतल्या बाजूने, लांबच्या पोस्टकडे ठेवलेले आहेत. जोर बेताचा. गोलकीपर पूर्ण हात ताणतो तरी चेंडू त्याच्या बोटांपलीकडून जातो.

डीच्या डाव्या कोपऱ्याच्या थोडं आत चेंडू ठेवा. टेकवलेला डावा पाय चेंडूच्या बाजूला आणि त्याचा अंगठा लांबच्या पोस्टकडे. छाती चेंडूच्या वर, मागे झुकलात की चेंडू बारवरून जाणार. पायाचा आतला भाग चेंडूच्या मध्यापासून किंचित बाहेरच्या बाजूला लावा आणि पाय आडवा ओढत पुढे न्या. आधी गोलकीपरशिवाय, लांबच्या पोस्टच्या आत एक पाऊल अंतरावर कोन ठेवून. मग हळू येणाऱ्या पासवर. मग उजवीकडून डीसमोरून येणाऱ्या पासवर, एकाच टचमध्ये. बचावपटू सगळ्यात शेवटी. आणि लांबच्या पोस्टवर नेहमी एक सहकारी उभा करा. फटका चुकला तर तो पास ठरावा, म्हणजे मुलं घाबरत नाहीत.

उचलून टाकलेले गोल वेगळे. १७ मार्च २००२ ला ॲस्टन व्हिलाच्या मैदानावर त्याने जॉर्ज बोआटेंगच्या डोक्यावरून चेंडू घेतला आणि पुढे आलेल्या पीटर श्मायकेलच्याही वरून आत घातला. मला विचाराल तर त्याचा सर्वांत देखणा गोल हाच. तो पाहताना गोलकीपरकडे बघा. श्मायकेलसारखा थोराड माणूस गोललाइन सोडून पुढे आलेला आहे, आणि ते दिसल्यावरच पिरेसने उचललं. गोलकीपर लाइनवर असताना उचललेला चेंडू म्हणजे त्याच्या हातात दिलेला चेंडू.

दोन गोष्टी उचलू नका

पहिली, सप्टेंबर २००३ मधली पोर्ट्समथविरुद्धची पेनल्टी. हायबरीवर आर्सेनल ०-१ ने मागे असताना पिरेस डीमध्ये पडला, पेनल्टी मिळाली, हेन्रीने गोल केला, सामना १-१ सुटला. पिरेसने स्वतःचा पाय डिफेंडरच्या पायाकडे नेला असा आरोप झाला आणि रिप्ले बघून मलाही तसंच वाटतं. हा मोसम अपराजित राहिला, त्यात ही बरोबरीही आहे. मला पिरेस अतिशय प्रिय आहे, पण माझ्या मैदानावर असं पडणाऱ्या मुलाला मी बाहेर काढते. रेफ्रीने शिट्टी वाजवली असली तरी.

दुसरी, २२ ऑक्टोबर २००५. मँचेस्टर सिटीविरुद्ध एक पेनल्टी पिरेसने घातली होती. दुसरी मिळाल्यावर हेन्री आणि त्याने ठरवलं की पिरेसने सरळ न मारता चेंडू हलकेच पुढे ढकलायचा आणि मागून हेन्रीने मारायचा. १९८२ मध्ये डच खेळाडू क्रॉयफने आयाक्स क्लबकडून हे केलं होतं. पिरेसचा बूट चेंडूवरून निसटला, चेंडू जेमतेम हलला, हेन्री गोंधळला आणि रेफ्रीने सिटीला फ्री-किक दिली. आर्सेनल १-० ने जिंकलं म्हणून निभावलं. नियम काय आहे तो नीट लक्षात ठेवा, कारण शालेय स्पर्धेत पंचांशी यावरून वाद होतात. पेनल्टीवर पास देणं नियमात बसतं. चेंडू पुढेच गेला पाहिजे, बाकीचे खेळाडू चेंडू हलेपर्यंत डीच्या बाहेर असले पाहिजेत आणि मारणाऱ्याने दुसऱ्या कुणाचा स्पर्श होईपर्यंत चेंडूला पुन्हा पाय लावायचा नाही. करून बघायचं असेल तर सरावात बघा. सामन्यात नको.

गुडघा

२३ मार्च २००२. ॲस्टन व्हिलाविरुद्धच्या त्या गोलला आठवडाही झाला नव्हता. एफए कपमध्ये न्यूकॅसलविरुद्ध पिरेसने दुसऱ्याच मिनिटाला गोल केला आणि नंतर निकोस डाबिझासच्या टॅकलवरून उडी मारून उतरताना त्याच्या गुडघ्याचा क्रूसिएट लिगामेंट (सांधा धरून ठेवणारा बंध) फाटला. त्या वर्षी इंग्लंडच्या फुटबॉल पत्रकारांनी त्याला सर्वोत्तम खेळाडू निवडलं. आर्सेनलने लीग आणि कप दोन्ही जिंकले आणि हायबरीवर चषक स्वीकारताना सगळे सहकारी त्याच्यासमोर वाकले. तो व्हिडिओ जरूर पाहा. फ्रान्स मात्र त्याच्याशिवाय, आणि पहिले दोन सामने जखमी झिदानशिवाय, विश्वचषकाला गेला आणि एकही गोल न करता साखळीतच बाहेर पडला.

पुढच्या मोसमाचे सुरुवातीचे सामने त्याचे हुकले. तरी त्याच मोसमात त्याने १४ लीग गोल केले आणि मे २००३ मध्ये एफए कप फायनलचा एकमेव गोलही साउदॅम्प्टनविरुद्ध त्याचाच. यातून घ्यायचं ते असं: गुडघ्याची शस्त्रक्रिया झालेल्या मुलाला 'आता दुखत नाही ना' एवढंच विचारून मैदानात उतरवू नका. फिजिओथेरपिस्टने होकार दिल्याशिवाय चेंडूही देऊ नका. आणि निरोगी मुलांकडूनही सरावाच्या आधी उडी मारून दोन्ही पायांवर, गुडघे वाकवून, हळू उतरण्याचा व्यायाम करून घ्या. गुडघे उतरताना आत वळत असतील तर थांबवून सुधारा. मुलींच्या बाबतीत हे जास्तच काटेकोरपणे करा, कारण या लिगामेंटच्या दुखापती त्यांच्यात अधिक होतात.

पॅरिस, आणि त्यानंतर

१७ मे २००६ ची चॅम्पियन्स लीग फायनल मी मुलांना शेवटी दाखवते. आर्सेनल विरुद्ध बार्सिलोना, स्ताद द फ्रान्सवर, पिरेसच्या देशात, त्याच्या माणसांसमोर. १८ व्या मिनिटाला गोलकीपर येन्स लेमानला लाल कार्ड मिळालं. राखीव गोलकीपर अल्मुनियाला आत घ्यायला कुणाला तरी बाहेर जावं लागणार होतं आणि वेंगरने पिरेसला काढलं. आर्सेनलने गोल करून आघाडी घेतली, शेवटच्या पंधरा मिनिटांत बार्सिलोनाने दोन गोल केले. पिरेसचा आर्सेनलसाठीचा हा शेवटचा सामना ठरला. २८४ सामने, ८४ गोल, आणि शेवट असा.

वेंगरचा निर्णय मला खेळाच्या हिशोबाने पटतो, मनाने अजून पटलेला नाही. दहा माणसांनी खेळताना मागे धावणारे लागतात. पण शिकवणाऱ्याने त्या खेळाडूचा चेहरा एकदा बघून घ्यावा. मुलाला बाहेर काढाल तेव्हा कारण सांगा, त्याच दिवशी सांगा.

मग स्पेनमधला व्हिलारेआल क्लब. तिथे पोहोचताच पुन्हा गुडघा गेला, कित्येक महिने गेले, आणि तरी २००७-०८ मध्ये संघ स्पॅनिश लीगमध्ये दुसरा आला तेव्हा पिरेस त्यात होता. एप्रिल २००९ मध्ये चॅम्पियन्स लीगच्या उपांत्यपूर्व फेरीत तो आर्सेनलविरुद्ध लंडनला खेळायला आला, तेव्हा आर्सेनलच्या प्रेक्षकांनी त्याचं उभं राहून स्वागत केलं. या वर्षांतला त्याचा खेळ बघण्यासारखा आहे, कारण पाय मंदावलेत आणि डोळे तसेच आहेत. नंतर काही महिने ॲस्टन व्हिला. फ्रान्सकडून तो आधीच, २००४ मध्ये, शेवटचा खेळला होता: ७९ सामने, १४ गोल.

फातोर्डा

आणि २०१४ मध्ये, इंडियन सुपर लीगच्या पहिल्या मोसमात, हा माणूस आमच्या शेजारी मडगावला आला. एफसी गोवाचा मार्की खेळाडू (संघाचा मुख्य नामांकित खेळाडू), संघाचा प्रशिक्षक झिको. मोसम चालू असतानाच तो ४१ वर्षांचा झाला. सावंतवाडीहून कोकण रेल्वेने मडगाव दूर नाही. मी दोन मुलींना घेऊन फातोर्ड्याच्या स्टेडियममध्ये बसले होते आणि त्यांना बजावलं होतं की चेंडूकडे बघायचं नाही.

टीव्हीवर जे दिसत नाही ते तिथे दिसलं. चेंडू पार पलीकडच्या बाजूला असतानाही तो डाव्या खांद्यावरून मागे बघायचा, मग उजव्या. पास त्याच्याकडे निघाला की पुन्हा एकदा. एकदा थ्रो-इनच्या वेळी आजूबाजूचे सगळे चेंडू मागायला पळाले आणि हा जागचा हलला नाही. त्याच्यावर असलेला तरुण मुलगा पळणाऱ्यांच्या मागे गेला. पिरेसने दोन पावलं मागे घेतली, चेंडू घेतला आणि एका टचमध्ये पुढे दिला. टाळ्या पुढच्या खेळाडूला मिळाल्या. माझ्या शेजारची मुलगी म्हणाली, "ताई, त्याला घाईच नाही." तो मोसम गोव्यासाठी उपांत्य फेरीत संपला, ॲटलेटिको द कोलकाताकडून पेनल्टींवर. फार सामने पिरेस खेळलाही नाही. पण मला जे शिकवायला वर्षं लागली असती ते त्या दोन मुली एका संध्याकाळीत शिकल्या.

मागे बघण्याचा सराव आम्ही तेव्हापासून रोज घेतो. तिघं लागतात. एक चेंडू देणारा, मधे घेणारा, आणि घेणाऱ्याच्या पाठीमागे दहा पावलांवर तिसरा. देणाऱ्याने पाय मागे नेला की तिसरा हाताची बोटं वर करतो. घेणाऱ्याने चेंडूला पाय लागण्याआधी मागे बघून बोटांचा आकडा मोठ्याने सांगायचा. आकडा चुकला किंवा उशिरा आला की जागा बदला. ते जमलं की बोटांऐवजी तिसऱ्याला हलू द्या: तो जवळ आला तर एका टचमध्ये परत द्यायचं, लांब राहिला तर वळायचं. वळताना लांबच्या पायाने चेंडू घ्यायचा, म्हणजे शरीर आपोआप उघडतं.

पहिल्या आठवड्यात एवढंच करा. सोमवारी रॉटरडॅमची शेवटची मिनिटं बघा, मधले दिवस मागे बघण्याचा सराव, शनिवारी तिघांचा चौकोन. फटका दुसऱ्या आठवड्यात. मुलं कुरकुर करतील, तरी आधी देऊ नका. ज्यांचा पाय डावा आहे त्यांनी सगळं उजव्या बाजूला उलटं करून घ्यावं, कोन तेच, अंतर तेच.